अंगठा तपासून देणारे बेळगावचे एक्स्पर्ट : रिपोर्ट आमच्या बाजूनं आला नाही, तरी चार स्टार

जुन्या खरेदीखतावरचा अंगठा खरा का खोटा हे तपासायला बेळगावात कुणाकडं जायचं, असं मला आजवर इतक्या जणांनी विचारलंय की म्हटलं एकदाच सविस्तर लिहून टाकू. आमच्या खानापूर तालुक्यात भाऊबंदकी नाही असं घर हुडकून सापडायचं नाही, त्यामुळं या धंद्याला मरण नाही. साहेबांचं नाव लिहिणार नाही, आमची केस अजून चालू आहे आणि त्यांची साक्ष व्हायचीय, समोरच्या वकिलाच्या हातात आयतं कोलीत कशाला द्या. चन्नम्मा सर्कलपासून चालत जायच्या अंतरावर, दुसरा मजला, खाली झेरॉक्सचं दुकान. कोर्टात रोज जाणाऱ्या कुठल्याही वकिलाला एवढ्यावर कळेल.

मॅटर काय ते थोडक्यात सांगतो, नाहीतर पुढचं समजणार नाही. आमच्या आजीच्या नावावर ओढ्याकडेचा एक तुकडा होता. चुलत घराण्यानं एक खरेदीखत काढलं, १९७२ चं, म्हणजे आपण म्हैसूर राज्यात होतो तेव्हाचं, त्यात आजीनं तो तुकडा त्यांना विकला असं लिहिलंय आणि खाली निशाणी अंगठा. आजीला लिहितावाचता येत नव्हतं. बाबांचं म्हणणं आई कधी सब रजिस्ट्रारच्या ऑफिसची पायरी चढलीच नाही, अंगठा दुसऱ्याच कुठल्या बाईचा आहे. घरातले सगळे हेच म्हणत आलेत, मीही हेच ऐकत मोठा झालो.

तर आधी आम्ही एका मोठ्या शहरातल्या एक्स्पर्टकडं गेलो, म्हणजे गेलो कसलं, सगळं व्हॉट्सॲपवर. खरेदीखताचा फोटो पाठवा, आजीचा दुसरा कुठलाही अंगठा असेल तर त्याचा फोटो पाठवा, ॲडव्हान्स पाठवा. आमच्याकडं म्हातारपणीच्या पेन्शनच्या फॉर्मची झेरॉक्स होती, तिचा फोटो पाठवला. चार दिवसांत रिपोर्ट हजर, रंगीत, बाइंडिंग केलेला, वर सोनेरी शिक्का. "दोन्ही ठसे १०० टक्के भिन्न व्यक्तींचे आहेत." शिवाय एक वाक्य असं की प्रत्येक माणसाचा ठसा जगात एकमेव असतो आणि दुसऱ्याशी जुळायची शक्यता ६४ अब्जांत एक. बाबांनी तो रिपोर्ट देवापुढं ठेवला. आमच्या वकील साहेबांनी मात्र दोन पानं उलटली आणि म्हणाले हे कोर्टात दहा मिनिटंसुद्धा टिकायचं नाही, इथलेच एक आहेत त्यांना दाखवा. म्हणून मग हे साहेब.

हे सरकारी लॅबमधून रिटायर झालेले, वय सत्तरीच्या आसपास, घरचे कन्नड पण मराठी आपल्यासारखंच बोलतात, मध्येच कन्नडवर घसरतात. ऑफिस म्हणजे एकच खोली. एक जुना लाकडी टेबल, त्यावर उभं भिंग, कॅमेरा लावायचा स्टँड, कंप्युटर आणि भिंतीला फायलींची रास. एसी वगैरे नाही. बाबा खुर्चीत बसले आणि नेहमीसारखं सुरू केलं, बघा साहेब, आमचे चुलते पहिल्यापासूनच तसले... तर साहेबांनी हात वर केला, "कथी ब्याड्री, कागद कोड्री." गोष्ट नको, कागद द्या. बाबांना ते लागलंच. मलाही पहिल्यांदा वाटलं माणूस तुसडा आहे. पण ते म्हणाले, तुम्ही कुठल्या बाजूचे, तुम्हाला काय हवंय, हे मला माहीत नसेल तेवढं तुमच्याच भल्याचं. सगळे प्रश्न वकिलामार्फत लेखी घेतले. खरेदीखतावरचा अंगठा आजीच्या मान्य अंगठ्याशी, म्हणजे दोन्ही बाजूंना तिचाच म्हणून कबूल असलेल्या अंगठ्याशी, जुळतो का, एवढाच प्रश्न. कोण जिंकलं तर काय, याचा त्यात मागमूस नाही.

हे मी नंतर घरी बसून वाचलं तेव्हा कळलं की ही नुसती लहर नाही. २००४ मध्ये माद्रिदला रेल्वेत बॉम्बस्फोट झाले, तिथं सापडलेल्या एका पिशवीवरचा ठसा अमेरिकेच्या एफबीआयनं ओरेगनमधल्या ब्रँडन मेफिल्ड नावाच्या वकिलाशी जुळवला. एकानं नाही, त्यांच्या अनुभवी माणसांनी एकामागून एक बघून शिक्कामोर्तब केलं. स्पेनचे पोलीस सांगत होते आम्हाला जुळत नाही, तरी ह्यांनी त्याला आत टाकलं. मग स्पेननं तो ठसा एका अल्जेरियन माणसाचा आहे असं सांगितलं आणि एफबीआयला माफी मागावी लागली, २००६ मध्ये २० लाख डॉलर भरपाई द्यावी लागली. त्याच सुमारास इटिएल ड्रोर नावाच्या संशोधकानं एक भारी प्रयोग केला. पाच एक्स्पर्टना त्यांनीच पूर्वी जुळतात म्हणून सांगितलेले ठसे परत दाखवले, फक्त सांगताना म्हटलं की ही ती मेफिल्डची चुकलेली केस आहे. पाचातल्या चौघांनी आपलंच मत फिरवलं. तिघं म्हणाले जुळत नाही, एक म्हणाला सांगता येत नाही. ठसे तेच, डोळे तेच, फक्त कानावर पडलेली गोष्ट वेगळी. म्हणजे बाबांची गोष्ट न ऐकणं हीच या साहेबांच्या सर्व्हिसमधली सगळ्यात महागातली वस्तू आहे आणि ती ते फुकट देतात.

आता पेन्शन फॉर्मचं. साहेबांनी झेरॉक्स भिंगाखाली धरली, अर्धा मिनिट बघितली आणि विचारलं हा कुठल्या हाताचा? आम्ही गप्प. आपल्याकडं बऱ्याच ऑफिसात बाप्याचा डावा आणि बाईचा उजवा अंगठा घ्यायची पद्धत होती की. त्या फॉर्मवर कडेला बारीक अक्षरात कन्नडमध्ये लिहिलेलं होतं, उजवा. आणि खरेदीखतावर? डावा. म्हणजे त्या सोनेरी शिक्केवाल्यानं आजीचा उजवा अंगठा आजीच्याच डाव्याशी लावून बघितला आणि दोन वेगळ्या बायका असं ठोकून दिलं! एकाच माणसाच्या दहा बोटांवर दहा वेगळे ठसे असतात हे पोलीस भरतीच्या पुस्तकात वाचलेल्या पोराला पण माहीत असतं. आजीच्या उजव्यावर चक्र, म्हणजे गोल गोल रेघा, डाव्यावर लूप, म्हणजे वळसा घेऊन आल्या बाजूला परत जाणाऱ्या रेघा. निम्म्याहून जास्त बोटांवर लूपच असतो, साधारण साठ-पासष्ट टक्के, चक्र तीसच्या आसपास आणि साधी कमान पाचेक टक्के, त्यामुळं लूप आहे एवढ्यावरून कुणाचंच काही ठरत नाही.

आणि ते ६४ अब्ज. हा आकडा फ्रान्सिस गाल्टन या इंग्रज शास्त्रज्ञाचा, १८९२ चा, आणि तो अख्ख्या, स्वच्छ ठशासाठी कागदावर मांडलेला अंदाज आहे, कुणी जगातली बोटं मोजून काढलेला नाही. आता गंमत म्हणून हिशेब करा. जगात आज आठ अब्जांवर माणसं, प्रत्येकाची दहा बोटं, म्हणजे ऐंशी अब्ज बोटं झाली की. त्यांच्याच आकड्यानं त्यांचंच "जगात एकमेव" खोटं पडतं. मी हे वकील साहेबांना दाखवलं तर ते पाच मिनिटं हसत होते.

माझं तर असं मत झालंय की "प्रत्येक ठसा एकमेव असतो" हे वाक्य ज्या रिपोर्टात पहिल्या पानावर असेल तो रिपोर्ट घेऊच नये. एकमेव असेलही, हुबेहूब एकसारख्या जुळ्या भावांचा डीएनए साध्या टेस्टला सारखाच येतो पण अंगठे वेगळे असतात, कारण पोटात असताना तिसऱ्या-चौथ्या महिन्यात त्या रेघा बनतात तेव्हा बारीकसारीक गोष्टींनी प्रत्येक बोटावर फरक पडतो. पण भांडण त्यावर नाहीच. भांडण असं आहे की पन्नास वर्षांपूर्वी कुणा कारकुनानं एका म्हातारीचं बोट धरून, कमीजास्त शाई लावून, खरबरीत कागदावर दाबलं, त्यातून जे काही उमटलं तेवढ्यावरून एकाच अंगठ्यापर्यंत पोचता येतं का. अंगठा एकमेव असणं वेगळं आणि त्या डागावरून तो ओळखू येणं वेगळं. अमेरिकेच्या नॅशनल ॲकॅडमी ऑफ सायन्सेसनं २००९ मध्ये मोठा रिपोर्ट काढला होता त्यात हेच म्हटलंय, की डीएनए सोडला तर पुराव्याचा तुकडा थेट एकाच माणसाशी किंवा एकाच वस्तूशी खात्रीनं जोडून देते असं कुठल्याच पद्धतीबाबत कसून सिद्ध झालेलं नाही. म्हणजे ठसे खोटे असं नाही, "शंभर टक्के" म्हणायचा अधिकार कुणी कमावलेला नाही एवढंच.

असो. साहेबांनी झेरॉक्स आणि व्हॉट्सॲप फोटो दोन्ही बाजूला सारले. ओरिजिनल दिसल्याशिवाय मी मत देत नाही, आणि तुलनेला दोन्ही बाजूंना मान्य असलेला डावाच अंगठा पाहिजे. आता तो आणायचा कुठनं? इथं वकील साहेबांचं डोकं चाललं. आमच्या घराण्याचं एक जुनं वाटणीपत्र आहे, १९५४ चं, म्हणजे बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात होता तेव्हाचं, मराठीत लिहिलेलं, आजीचं नाव त्यात आहे, आणि ते चुलत घराण्यालाही मान्य आहे कारण त्यांचाही हिस्सा त्याच कागदावर ठरलेला. सब रजिस्ट्रारकडं दस्त नोंदवताना अंगठे घ्यायची वेगळी वही असायची, तिच्यात आजीचा डावा अंगठा. ती वही कोर्टात मागवून घेण्यात किती महिने गेले ते लिहिलं तर रिव्ह्यू बाजूला राहून कादंबरी होईल.

फोटो काढायचा दिवस मी स्वतः बघितलाय म्हणून सांगतो. कोर्टाची परवानगी, शिरस्तेदारांसमोर, दोन्ही बाजूंचे वकील हजर. साहेबांनी खरेदीखताच्या पानावर अंगठ्याशेजारी छोटी मिलिमीटरची पट्टी ठेवली, कॅमेरा स्टँडवर सरळ खाली तोंड करून, फ्लॅश बंद, दिवा एकदा समोरून, एकदा तिरका. तिरक्या उजेडात कागदाचा खळगा पण दिसतो म्हणे, अंगठा किती जोरात दाबला ते. प्रत्येक फोटोनंतर वहीत नोंद. समोरचे वकील घड्याळ बघायला लागले, आमचेही बघायला लागले, पण ह्यांची घाई नाही. कागदाला हात लावताना फक्त कडा धरत होते. माझा एवढा वेळ कुठल्या सरकारी ऑफिसात कंटाळा न येता गेलेला नाही.

खरेदीखतावर अंगठे दोन. एक पानाखाली, एक मागच्या बाजूला सब रजिस्ट्रारसमोर घेतलेला. पानाखालचा म्हणजे नुसता निळा गोळा. शाई जास्त आणि वर बोट सरकलेलं. साहेबांनी त्याच्यावर रिपोर्टात एकच ओळ लिहिली, तुलनेलायक नाही, मत नाही. यावर मी त्यांना अर्धा स्टार जास्त देतो. कारण त्या डागावरसुद्धा काहीतरी लिहून देणारे आहेत, गिऱ्हाईकानं पैसे दिलेत म्हटल्यावर.

मागचा अंगठा मात्र स्पष्ट. त्याचा आणि १९५४ च्या अंगठ्याचा मोठा प्रिंट शेजारी शेजारी लावून लाल रेघांनी नंबर टाकलेले. इथं रेघ मध्येच संपते, इथं एका रेघेला फाटा फुटून दोन होतात, इथं दोन रेघांच्या मध्ये एक बारकं बेट. आपल्या नांगरटीच्या सऱ्या वरून दिसाव्यात तसं दिसतं ते. एक नंबर सापडला की तिथनं तीन रेघा सोडून उजवीकडं दोन नंबर, मग खाली दोन रेघा, असं जुन्यात मोजायचं आणि नव्यात तिथंच तेच आहे का बघायचं. साहेबांनी माझ्याकडनं मोजून घेतलं, माझ्या हातात सुई दिली, म्हणाले तुम्हीच मोजा, मी सांगतो म्हणून मानू नका. चौदा नंबर जुळले.

पण एक जागा अशी की १९७२ च्या ठशात आडवी पांढरी चीर आहे, रेघा तुटल्यासारख्या, आणि १९५४ च्या ठशात ती नाहीच. बाबा खुशच झाले, बघा, फरक! समोर न जुळणारी एक जरी गोष्ट असली तरी माणूस वेगळा, असं आम्ही कुठंतरी वाचलेलं. साहेबांनी शांतपणे दाखवलं की चिरेच्या वरच्या रेघा आणि खालच्या रेघा जोडून बघितल्या तर त्या जुन्या ठशातल्या रेघांना बरोबर लागतात, चिरेच्या कडेला कातडी आक्रसल्यासारखी दिसते, म्हणजे हा जखमेचा व्रण, मधल्या अठरा वर्षांत कधीतरी झालेला. जखम खोल असेल तर व्रण कायमचा राहतो, बाकीच्या रेघा जन्मभर तशाच. फरक आहे, पण कारण सांगता येतं असा फरक आहे. आत्यानं मागून हळूच म्हटलं, आईला भात कापताना विळा लागला होता की, हाडापर्यंत. साहेबांनी ते ऐकून घेतलं नाही, म्हणजे ऐकलं असेल, पण रिपोर्टात घातलं नाही. त्यात फक्त चीर आणि तिच्या दोन्ही बाजूच्या रेघा.

निकाल असा, की मागचा अंगठा आणि वाटणीपत्राचा अंगठा एकाच बोटाचे आहेत असं त्यांचं मत, न उलगडणारा फरक सापडला नाही. "शंभर टक्के" कुठंच नाही, "जगात दुसरा नाही" कुठंच नाही. मी मुद्दाम विचारलं की चौदा म्हणजे पुरे का? म्हणाले आकड्यावर जाऊ नका. इंग्लंडमध्ये सोळा पॉइंट, म्हणजे असे जुळणारे नंबर, पाहिजेत असा नियम होता, २००१ मध्ये त्यांनीच तो काढून टाकला, कारण दहा स्पष्ट पॉइंट वीस धूसर पॉइंटांपेक्षा बरे असू शकतात. चूक होते का असंही विचारलं. त्यावर त्यांनी एक छापील कागद काढून दिला, अमेरिकेत २०११ मध्ये १६९ एक्स्पर्टची परीक्षा घेतली होती त्याचा. वेगळ्या माणसांचे ठसे जुळतात म्हणून सांगायची चूक ०.१ टक्का, आणि एकाच माणसाचे ठसे असून जुळत नाहीत म्हणायची चूक ७.५ टक्के. म्हणजे सोनेरी शिक्केवाल्यानं जी केली ती चूक चांगल्या लोकांकडनंही जास्त होते, ह्यानं तर हातच बदलला होता.

बाबा त्या दिवशी गाडीत एक शब्द बोलले नाहीत, घरी गेल्यावर म्हणाले एवढे पैसे देऊन समोरच्याचं काम करून आलो. त्यांचं बरोबर आहे त्यांच्या जागी. पण रिपोर्टाच्या शेवटी साहेबांनी एक परिच्छेद स्वतःहून घातला होता तो मला सगळ्यात मोलाचा वाटला. हा अंगठा कुणाचा यावर मत आहे. तो कधी, कुठल्या परिस्थितीत, मजकूर लिहायच्या आधी का नंतर, समजून का न समजता उमटवला यावर मत नाही. आता बघा, १९५४ चा कागद मराठीत, १९७२ चा कन्नडमध्ये, आजीला कन्नडचा शब्द कळत नव्हता, आणि मजकूर वाचून दाखवला अशी ओळ खाली आहे पण कुठल्या भाषेत दाखवला ते नाही. अडाणी बाईकडनं दस्त करून घेतला असेल तर तिला समजून दिला होता हे दस्त घेणाऱ्यानं दाखवावं लागतं, असं वकील साहेब म्हणतात, केस आता त्या वाटेनं चाललीय. म्हणजे अंगठा आजीचाच, पण आजीनं विकलं का हे वेगळंच राहिलं.

याच्यावर मला बंगालमधल्या जलपायगुडीची केस आठवली. ठशांवरून आपल्याकडं पहिली शिक्षा झाली ती तिथली, १८९८ ची. चहाच्या मळ्याच्या मॅनेजरचा खून, बंगाली पंचांगावर तपकिरी डाग, तो डाग कंगाली चरण नावाच्या जुन्या नोकराच्या उजव्या अंगठ्याचा निघाला, कारण आधीच्या चोरीत त्याचा ठसा घेऊन ठेवलेला. कलकत्त्याचं फिंगरप्रिंट ब्युरो तेव्हा नुकतं १८९७ मध्ये निघालेलं, तिथं अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांनी ठसे लावून ठेवायची पद्धत बसवली आणि नाव झालं त्यांच्या वरच्या पोलीस अधिकाऱ्याचं, हेन्री साहेबाचं. तर कोर्टानं त्याला चोरीत दोषी धरलं, खुनात नाही. अंगठा पंचांगाला लागला होता हे सिद्ध झालं, सुरी त्याच्याच हातात होती हे नाही. सव्वाशे वर्षांपूर्वीच्या कोर्टाला कळत होतं ते आजच्या टीव्हीवाल्यांना कळत नाही. आणि मुळात अंगठा कागदावर आला कसा? १८५८ मध्ये बंगालमध्ये जंगीपूरला हर्शेल नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं राज्यधर कोनाई नावाच्या ठेकेदाराच्या पंजाचा छाप करारावर घेतला, पुढं नाकबूल होऊ नये म्हणून. तेव्हापासून आपली अख्खी पिढी त्या एका छापाखाली जमिनी देऊन बसलीय.

याच खोलीत बसून बंदुकीचं पण थोडं ऐकायला मिळालं, कारण आमच्या भागात फॉरेन्सिक हा शब्द घराघरात गेला तो त्यामुळंच. १६ फेब्रुवारी २०१५ ला कोल्हापुरात पानसरेंवर गोळ्या झाडल्या, त्याच वर्षी ३० ऑगस्टला धारवाडला कन्नड विद्वान कलबुर्गी सरांना मारलं, मग ५ सप्टेंबर २०१७ ला बेंगळूरला पत्रकार गौरी लंकेश यांना. कर्नाटकाच्या लॅबनं कलबुर्गी आणि लंकेश यांना मारलेल्या गोळ्या एकाच ७.६५ एमएमच्या गावठी पिस्तुलातनं सुटल्या असं सांगितलं. पिस्तूल हातात नसताना हे कसं कळतं? गोळीवर नळीच्या आतल्या ओरखड्यांच्या रेघा उमटतात आणि रिकाम्या पुंगळीच्या बुडाला ठोकणीची खूण पडते, दोन ठिकाणच्या पुंगळ्या एकाच मायक्रोस्कोपखाली शेजारी ठेवून बघतात. साहेब म्हणाले तिथंही तेच, एकाच हत्याराचे दिसतात इथपर्यंत शास्त्र, धरलं कुणी होतं ते साक्षीपुराव्याचं काम. जास्त काही बोलले नाहीत, विषय बदलला.

आता तक्रारी, कारण पाचवा स्टार कापलाय. पहिली, फी आधी लेखी सांगत नाहीत. तपासणीची वेगळी, कोर्टात फोटो काढायची वेगळी, साक्षीला आले तर दर तारखेला वेगळी, आणि आपल्या कोर्टात तारखा कशा पडतात ते तुम्हाला माहीतच आहे. सगळं मिळून पाच आकडी जातंय, त्या सोनेरी रिपोर्टापेक्षा बरंच जास्त. पहिल्याच भेटीत वकिलाकडनं लिहून घ्या. दुसरी, रिपोर्ट नुसता इंग्रजीत. बाबांना, आत्याला त्यातलं काही कळत नाही, मलाच वाचून सांगावं लागलं. निदान एक पान मराठी-कन्नडमध्ये द्यायला काय जातंय? तिसरी, फोन उचलत नाहीत, अजिबात नाही, मेसेज टाकला तर दोन दिवसांनी "ओके". आणि लिफ्ट नाही, आत्याच्या गुडघ्यांचं कल्याण झालं. टायपिंगच्या चुका पण होत्या, एका ठिकाणी डाव्याच्या जागी उजवा पडलेला, ज्या रिपोर्टाचा जीवच डाव्या-उजव्यात आहे त्यात! दाखवल्यावर लगेच सहीनिशी दुरुस्त करून दिला, पण आपण वाचून घ्यावं.

काय काय ते करत नाहीत हेही सांगतो. शाई किती वर्षांची ते सांगत नाहीत. बरेच लोक हेच विचारायला येतात, स्टॅम्प पेपर जुना पण लिखाण नवं असा संशय असतो. त्यांचं म्हणणं शाईचं वय खात्रीनं सांगायची पद्धत मला माहीत नाही, सांगणारा भेटला तर पैसे देऊ नका. मोडी वाचून देत नाहीत, त्याला वेगळा माणूस. सहीचं काम घेतात, पण सहीला त्याच काळातल्या आणखी सह्या मागतात, आणि सहीवर अंगठ्याएवढं ठाम लिहीत नाहीत. सुप्रीम कोर्टानं पण अक्षराच्या एक्स्पर्टबाबत सावधगिरी सांगितलीय, १९७७ च्या मगन बिहारी लाल केसमध्ये नुसत्या त्याच्या मतावर शिक्षा देणं धोक्याचं म्हटलं. एक्स्पर्टचं मत जुन्या एव्हिडन्स ॲक्टात कलम ४५ ला होतं, १ जुलै २०२४ पासून नव्या साक्ष अधिनियमात ते ३९ झालंय, फॉर्मवर जुना नंबर घातला म्हणून एकाचा अर्ज परत आलेला मी तिथंच बसून बघितला.

जायचं असेल तर आधी वकिलाला भेटा, ओरिजिनल कुठं आहे ते बघा, आणि घरात आजोबा-आजीचा कुठल्याही मान्य कागदावरचा अंगठा असेल तर डावा का उजवा ते कडेचं बारीक अक्षर वाचून ठेवा. सकाळी साडेदहाच्या आत गेलात तर साहेब भेटतात, नंतर कोर्टात असतात. गाडी खाली लावू नका, झेरॉक्सवाला भांडतो.